बांध कोरला, तोही डोंगराचा : संडूर-बळ्ळारीच्या हद्दीची गोष्ट

(या भागाचं शब्दांकन. बोलताना झालेली पुनरुक्ती तेवढी काढली आहे, बाकी जसं बोललो तसंच ठेवलंय.)

आजचा विषय खाणींचा आहे, पण सुरुवात शेतापासून करूया, कारण शेतातलं प्रकरण आपल्याला न शिकवता कळतं.

बांध कोरणे हा शब्द ज्याला माहीत नाही असा माणूस आमच्या भुदरगड तालुक्यात सापडायचा नाही. शेजारी नांगरताना दरवर्षी एक तास आत घेतो. एका वर्षात काही कळत नाही. दहा वर्षांनी बांधावरचं बाभळीचं झाड त्याच्या शेतात उभं दिसतं. मग भांडण, मग भावकी मध्ये पडते, मग मोजणीचा अर्ज, हद्दकायम मोजणी, भूमी अभिलेखचा माणूस यंत्र घेऊन येतो, 'क' प्रत मिळते, आणि ती मिळाल्यावरही एक जण म्हणतोच, "मोजणीच चुकीची झाली." गारगोटीच्या तहसील कचेरीबाहेर तासभर उभं राहिलात तर या गोष्टीच्या सगळ्या पायऱ्यांवरची माणसं भेटतील.

आता हेच प्रकरण डोंगराएवढं करा. बांधाच्या जागी दोन राज्यांची सीमा ठेवा. नांगराच्या जागी पोकलेन. आणि शेजाऱ्याच्या जागी असा माणूस, ज्याची खाण एका राज्यात आहे आणि तो मंत्री मात्र दुसऱ्या राज्याचा आहे. ही बळ्ळारीची गोष्ट.

तुम्ही म्हणाल, कोल्हापूरच्या माणसाला कर्नाटक-आंध्रच्या सीमेवरच्या खाणींचं काय पडलंय? तर त्याचं मूळ आमच्या शेजारीच आहे. कागल तालुक्यात, चिकोत्रा नदीच्या खोऱ्यात सेनापती कापशी आहे. कापशीची चप्पल तुम्हाला माहीत असेलच. नावातले सेनापती म्हणजे संताजी घोरपडे. १६८९ मध्ये संगमेश्वरला संभाजी महाराज पकडले गेले तेव्हा लढता लढता पडलेले म्हाळोजी घोरपडे, त्यांचे हे पुत्र. संताजींचं घराणं कापशीला राहिलं. त्यांचे भाऊ बहिर्जी, त्यांना हिंदुराव हा किताब. या बहिर्जींच्या शाखेतल्या सिदोजी घोरपड्यांनी अठराव्या शतकाच्या पूर्वार्धात तुंगभद्रेच्या दक्षिणेला डोंगरांनी वेढलेलं एक खोरं बेरड पाळेगाराकडून घेतलं. तेच संडूर. गुत्तीचे मुरारराव घोरपडे याच घरातले. हैदरअली येऊन गेला, टिपू येऊन गेला, पेशवाई बुडाली, इंग्रज आले, तरी हे छोटं मराठी संस्थान १९४९ मध्ये विलीन होईपर्यंत टिकलं. म्हणजे कानडी मुलखाच्या मधोमध, कोल्हापूरकडच्या घराण्याची एक वाटी.

वाटी म्हणतोय ते उगाच नाही. नकाशावर बघा, संडूर खरंच वाटीसारखं आहे. चारी बाजूंनी डोंगर, आणि नारीहळ्ळ नावाची नदी दोन खिंडींतून आत येते आणि बाहेर पडते. संरक्षणाला उत्तम. पण त्या डोंगरांत लोह आणि मँगनीज ठासून भरलंय. ज्या कडांनी संस्थान वाचवलं, त्याच कडा पुढं विकायला निघाल्या.

शेवटचे राजे यशवंतराव घोरपडे. संस्थान गेल्यावर त्यांनी १९५४ मध्ये संडूर मँगनीज अँड आयर्न ओअर्स ही कंपनी काढली. त्यांचे चिरंजीव एम. वाय. घोरपडे देवराज अर्स यांच्या सरकारात कर्नाटकचे अर्थमंत्री होते, आणि वन्यजीवांचे नावाजलेले छायाचित्रकार. ही कंपनी पुढं खाणपट्ट्याच्या एका मोठ्या खटल्यात दिसते. राज्य सरकारनं संडूर भागातल्या खनिजाच्या जमिनीसाठी जिंदल आणि कल्याणी या पोलाद कंपन्यांची शिफारस केली होती. त्याविरुद्ध संडूरची कंपनी सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली आणि १३ सप्टेंबर २०१० रोजी ती शिफारस रद्द झाली. कारखाना आहे म्हणून त्यालाच आधी पट्टा, असं राज्याला आपल्या मनानं ठरवता येत नाही, ते केंद्राच्या खाण कायद्याच्या चौकटीतच ठरायला हवं, असा त्याचा साधारण अर्थ. पट्टा कुणाला, हा झाला एक वाद. पट्टा नेमका कुठं, हा दुसरा, आणि मला आज त्यावरच बोलायचंय.

त्यासाठी १९५३ ला जाऊ. तोपर्यंत बळ्ळारी हा मद्रास राज्यातला एक मोठा जिल्हा होता. १ ऑक्टोबर १९५३ रोजी आंध्र राज्य झालं आणि जिल्हा फोडला. अदोनी, आलूर आणि रायदुर्ग हे तीन तालुके आंध्रात गेले, बाकीचे म्हैसूर राज्यात. बळ्ळारी तालुका कुणाचा यावर जोरदार भांडण झालं, न्यायमूर्ती मिश्रा यांना अहवाल द्यावा लागला आणि शेवटी तोही म्हैसूरकडे आला. सगळ्यांचं लक्ष बळ्ळारी शहरावर होतं. डोंगरमाथ्यावरच्या रेषेकडं बघायला वेळ कुणाला होता? रायदुर्ग आणि बळ्ळारी यांच्यामधली शीव त्याआधी एकाच जिल्ह्यातल्या दोन तालुक्यांची होती. मधे राखीव जंगल. तिथं ना वस्ती ना शेत. सारा गोळा करायला अशी शीव दहा-वीस मीटर इकडंतिकडं असली तरी कुणाचं काही बिघडत नाही. ती शीव एका रात्रीत दोन राज्यांची सीमा झाली.

पन्नास वर्षं तरीही काही झालं नाही. मग चीनमध्ये पोलादाची भूक वाढली. २००३-०४ नंतर लोहखनिजाचा भाव असा काही चढला की पूर्वी जी माती टाकून द्यायचे तीही जहाजात बसायला लागली. आणि आपल्याकडं सरकारला मिळणारी रॉयल्टी? ऑगस्ट २००९ पर्यंत ती ठरावीक होती, उत्तम प्रतीच्या खनिजालाही टनामागे २७ रुपये. बाजारात टनाला हजारो रुपये मिळत असताना सरकारच्या हातात चहा-वड्याचे पैसे. नंतर ती किमतीच्या १० टक्के केली, तोवर भरतीची बरीच वर्षं निघून गेली होती.

या काळात आंध्रच्या बाजूला, अनंतपूर जिल्ह्यात, ओबुळापुरम मायनिंग कंपनीच्या खाणी सुरू झाल्या. मालक गाली जनार्दन रेड्डी, बळ्ळारीचे, आणि २००८ पासून कर्नाटकचे मंत्री. आरोप असा होता की पट्टा आंध्रात, पण खनिज निघतंय कर्नाटकातलं. सीमेच्या अलीकडच्या एका खाणीच्या मालकानं तक्रार केली की माझ्या पट्ट्यात घुसलेत. बांध कोरल्याची तक्रार, हुबेहूब.

आणि इथं एक गोष्ट घडली जी मला सगळ्यात जास्त खटकते. सीमेवरच्या डोंगरावर सुग्गलम्मा देवीचं एक जुनं देऊळ होतं. लहानसंच. आपल्याकडं शिवेवर म्हसोबा नाहीतर मारुती असतो तसं. गावाची हद्द कुठवर, असं विचारलं की म्हातारी माणसं नकाशा काढत नाहीत, देवाकडं बोट दाखवतात. ते देऊळ २००६ मध्ये उद्ध्वस्त झालं. बातम्यांमध्ये ते श्रद्धेला लागलेली ठेच म्हणून आलं, आणि ठेच होतीच. पण मोजणीच्या दृष्टीनं बघा, हद्दीचा साक्षीदार गेला. हद्दीच्या वादात पहिल्यांदा दगड का हलतो, हे ज्याचा बांध कोरलाय त्याला विचारा.

मग कागदांची लढाई सुरू झाली. कर्नाटकचे लोकायुक्त न्यायमूर्ती संतोष हेगडे यांचा पहिला अहवाल डिसेंबर २००८ मध्ये आला, दुसरा २७ जुलै २०११ ला. दुसऱ्यात राज्याचं नुकसान १६,०८५ कोटी रुपये असल्याचा अंदाज होता, आणि चारेक वर्षांत २ कोटी ९८ लाख टन खनिज बेकायदा परदेशी गेल्याचा हिशेब. तो अहवाल आल्यावर काही दिवसांत मुख्यमंत्री येडियुरप्पांना पद सोडावं लागलं. त्या अहवालामागं वन खात्यातल्या डॉ. यू. व्ही. सिंग यांच्या पथकाचं काम होतं. ट्रक, परवाने, वजनकाटे, बंदरातल्या नोंदी, हे सगळं एकमेकांशी ताडून बघणं. मी पोटासाठी सॉफ्टवेअर लिहितो, त्यामुळं या कामाचं मला फार कौतुक. दोन ठिकाणच्या नोंदी जुळवणं हे जगातलं सगळ्यात कंटाळवाणं काम आहे आणि चोरी बहुतेक वेळा तिथंच सापडते.

इकडं धारवाडच्या समाज परिवर्तन समुदायानं, म्हणजे एस. आर. हिरेमठ यांच्या संस्थेनं, २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयात याचिका केली. राज्यांची सीमा आणि पट्ट्यांची जागा ठरवायला सर्व्हे ऑफ इंडियाला बोलवावं लागलं. २९ जुलै २०११ रोजी न्यायालयानं बळ्ळारी जिल्ह्यातलं खाणकाम सरसकट बंद केलं. महिनाभरात चित्रदुर्ग आणि तुमकूरमधलंही. ५ सप्टेंबरला सीबीआयनं जनार्दन रेड्डींना अटक केली.

आता मोजणीकडं येऊ, कारण खरी गंमत तिथं आहे.

खाणपट्टा म्हणजे कागदावरचा बहुभुज. एका ओळखीच्या बिंदूपासून सुरुवात करायची, समजा तीन गावांच्या शिवा मिळतात तिथला दगड. तिथून अमुक दिशेला अमुक मीटर, मग वळा, पुन्हा अमुक मीटर, असं करत परत पहिल्या कोपऱ्यावर या. आता तो सुरुवातीचा दगडच जर वीस-पंचवीस मीटर चुकीच्या जागी धरला, तर काय होईल? पट्ट्याचा आकार तोच राहतो. क्षेत्रफळही तेच. फक्त अख्खा पट्टा सरकून शेजाऱ्याच्या डोक्यावर बसतो. म्हणजे मालक छातीठोकपणे सांगू शकतो की माझं क्षेत्र मंजुरीपेक्षा एक गुंठाही जास्त नाही, आणि ते खरंही असतं! जुने नकाशे साखळी आणि थिओडोलाइटच्या जमान्यातले, नवी मोजणी उपग्रहावरची. पृथ्वीचा आकार कसा धरला यावरही अक्षांश-रेखांश बदलतात. जुन्या नकाशावरचे आकडे तसेच्या तसे आजच्या जीपीएसमध्ये टाकले तर बिंदू भलतीकडंच जाऊन पडतो. त्यामुळं मोजणीच चुकीची, हे म्हणणं प्रत्येक वेळी कांगावा असतं असं नाही. पण कांगाव्याला आडोसा म्हणून ते फार सोयीचं असतं.

न्यायालयानं नेमलेल्या केंद्रीय अधिकारप्राप्त समितीच्या देखरेखीखाली संयुक्त पथकानं तिन्ही जिल्ह्यांतल्या पट्ट्यांची मोजणी केली. मग १६६ पट्ट्यांचे तीन गट पाडले. 'अ' गटात ज्यांनी काही केलं नाही किंवा किरकोळ केलं ते, असे ४५. 'ब' गटात ज्यांचा हद्दीबाहेरचा खड्डा पट्ट्याच्या १० टक्क्यांपर्यंत, किंवा बाहेर टाकलेला टाकाऊ मातीचा ढीग १५ टक्क्यांपर्यंत, असे ७२. त्याच्या वरचे, किंवा वन कायदा उघड उघड मोडणारे, ते 'क' गटात, ४९. १८ एप्रिल २०१३ च्या निकालात न्यायालयानं हे मान्य केलं. 'क' गटाचे पट्टे रद्द, त्यांचा लिलाव. 'ब' गटाला दंड भरून आणि डोंगर सावरायचा आराखडा राबवून परत काम करायची मुभा. हद्दीबाहेरच्या खड्ड्याला हेक्टरी ५ कोटी, ढीग-रस्ता-ऑफिस असल्या अतिक्रमणाला हेक्टरी १ कोटी. पाच कोटींचा हिशेब करा, चौरस मीटरला पाच हजार रुपये. कोरलेल्या बांधाची एवढी किंमत आपल्याकडं तरी कुणी मोजली नसेल.

पट्टेदारांचं म्हणणं होतं की खाण कायद्यात पट्टा रद्द करायची रीत दिली आहे, नोटीस द्या, सुनावणी घ्या, हे टक्के कुठून आले? न्यायालयाचं उत्तर साधारण असं की ज्यांनी ती रीत पाळायची त्या यंत्रणाच झोपल्या होत्या, डोंगरांची अवस्था बघवत नाही, आणि अशा वेळी घटनेनं दिलेले असाधारण अधिकार वापरावेच लागतात.

मला निकाल पटतो. पण टक्क्यांबद्दल एक शंका आहे, ती मांडतो, कारण ती भूमितीची आहे. समजा पाच हेक्टरचा चौकोनी पट्टा. बाजू साधारण २२४ मीटर. तो एका बाजूला २५ मीटर सरकला आणि त्या सरकलेल्या पट्टीत सगळीकडं खोदलं, तर ११ टक्के बाहेर. 'क' गट, पट्टा गेला. आता शंभर हेक्टरचा चौकोन, बाजू एक किलोमीटर. तोही २५ मीटरच सरकला, तर अडीच टक्के बाहेर. 'ब' गट, दंड भरा आणि चालू करा. अतिक्रमणाची रुंदी एकच. उलट मोठ्यानं बाहेर खोदलेली जमीन अडीच हेक्टर, लहान्याची पाऊण हेक्टरसुद्धा नाही. मोठा पट्टा नऊ हेक्टर बाहेर खाऊनही 'ब' गटातच राहतो. त्याला ४५ कोटी भरावे लागतील हे खरं, पण पट्टा हातात राहतो. टक्केवारी लावली की लहान शेतकऱ्याचा बांध मोठ्याच्या बांधापेक्षा महाग पडतो. याला उत्तर असं देता येईल की कुठंतरी रेघ मारावीच लागते, आणि शेकडो आक्षेप ऐकत बसलो तर तोवर डोंगर उरत नाही. ते उत्तर चुकीचं नाही. शंका मात्र मिटत नाही.

बंदीची झळ कुणाला बसली, हेही सांगायला हवं. संडूर-होस्पेट रस्त्यावरची झाडं, घरं, माणसं सगळी तांबडी झाली होती. शेतावर धूळ, विहिरीत धूळ. बंदीनंतर हवा निवळली, पण हप्त्यावर ट्रक घेतलेले शेकडो लोक दारात उभ्या गाडीकडं बघत बसले. भरतीत जमवलेलं एका टोकाला गेलं आणि ओहोटीत बुडलेलं दुसऱ्या टोकाला. खनिजावर मर्यादा आली, आधी बळ्ळारीला वर्षाला अडीच कोटी टन आणि बाकी दोन जिल्ह्यांना मिळून ५० लाख टन. २०२२ पर्यंत ती वाढत वाढत साडेतीन कोटी आणि दीड कोटी झाली.

गोव्याचा उल्लेख केल्याशिवाय पुढं जाता येत नाही, कारण आंबोली उतरून गेलं की आमचा शेजार तोच. तिथंही पट्ट्याबाहेर टाकलेल्या ढिगांचा प्रश्न होता, आणि २१ एप्रिल २०१४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की पट्ट्याच्या बाहेर ढीग टाकणं कायद्यात बसत नाही. पण गोव्यातली मोठी हद्द काळाची होती. पोर्तुगीजांनी दिलेल्या खाणींच्या सनदा १९८७ च्या कायद्यानं पट्टे झाल्या आणि न्यायालयाच्या मते त्यांची मुदत २२ नोव्हेंबर २००७ ला संपली. त्यानंतरचं सगळं खाणकाम बेकायदा. म्हणजे बळ्ळारीत विचारलं, कुठं खोदलंत? गोव्यात विचारलं, कधी खोदलंत? गोव्यावर वेगळा भाग करायचाय, त्यामुळं इथं थांबतो.

परत सीमेवर. १६६ पट्ट्यांची वर्गवारी झाली, पण सात पट्टे असे होते जे कर्नाटक-आंध्रच्या सीमेलाच लागून होते. राज्याचीच हद्द ठरली नाही तर पट्ट्याची कशी ठरणार? म्हणून न्यायालयानं त्यांचं काम सीमा ठरेपर्यंत थांबवलं. २०१० च्या आसपास सुरू झालेलं सीमेचं हे मोजमाप दहा वर्षांनंतरही न्यायालयात येत-जात होतं. बैठका, जुने नकाशे, कुठला नकाशा धरायचा यावर चर्चा. जिथं खूण असायची तिथं डोंगरच उरलेला नाही, खड्डा आहे. खड्ड्याच्या हवेत रेघ मारायची.

ओबुळापुरमच्या फौजदारी खटल्याचा निकाल हैदराबादच्या सीबीआय न्यायालयानं ६ मे २०२५ रोजी दिला. जनार्दन रेड्डी आणि इतर काही जणांना सात वर्षांची शिक्षा झाली. पुढच्याच महिन्यात तेलंगणा उच्च न्यायालयानं तिला स्थगिती दिली, आणि अपील आहे. अटकेपासून शिक्षेपर्यंत चौदा वर्षांच्या जवळपास. आमच्याकडं बांधाचे दिवाणी दावे यापेक्षा जास्त चाललेले आहेत, त्यामुळं हा आकडा ऐकून गारगोटीत कुणी दचकणार नाही.

आता आपल्या भागाचं. राधानगरी तालुक्यात दुर्गमानवाडला बॉक्साइटची खाण आहे, तिथला माल बेळगावच्या ॲल्युमिना कारखान्याला जायचा. आपले सडे म्हणजे वरून ओसाड दिसणारी पठारं. कास बघायला लोक मुंबईहून येतात, आणि आमच्या सड्यांना आम्हीच पडीक म्हणतो. पडीक जमिनीची हद्द कुणी नीट मोजत नाही. १९५३ मध्ये बळ्ळारीच्या डोंगरमाथ्याचं तेच झालं होतं. तुमच्या गावच्या सड्यावर कुठं गावाची शीव संपते, कुठं वन खात्याची हद्द सुरू होते, आणि पट्टा दिला असेल तर त्याचे खांब कुठं आहेत, हे गावातल्या किती जणांना माहीत आहे, ते एकदा विचारून बघा. खाणपट्ट्याच्या कोपऱ्यांवर हद्दीचे खांब उभारणं आणि ते टिकवणं ही पट्टेदाराची जबाबदारी असते. खांब जाग्यावर आहेत का, हे बघायला इंजिनिअर लागत नाही. गुरं चारणाऱ्याला ते आपल्यापेक्षा लवकर कळतं.

ऐकणाऱ्यांपैकी कुणाच्या घरी कापशी, गजेंद्रगड किंवा संडूरच्या घोरपड्यांचे मोडीतले कागद असतील, विशेषतः शिवेच्या वादाचे, तर जरूर कळवा. मोडी वाचणारी एक मैत्रीण तयार आहे. आणि सड्यावरच्या हद्दीच्या दगडांचे फोटो असतील तर तेही पाठवा, जागेच्या अक्षांश-रेखांशासकट. फोटो काढताना मोबाईलचं लोकेशन चालू ठेवा तेवढं.

पुढच्या भागात गोवा, पोर्तुगीज सनदा आणि १९६१ नंतरचा गोंधळ. भेटूया.